बांडगूळ

ऐतखाऊ माणसाला आपण सहज 'बांडगूळ' म्हणतो. मादन हिप्परग्याच्या आमच्या वाड्यात हा शब्द आत्याच्या माघारी उच्चारला जाई. ऐन तारुण्यात कुंकू पुसले गेले आणि ती गुलबर्ग्याकडच्या कानडी सासरहून माहेरी परतली ती कायमची. पहाटे पाणी भरण्यापासून रात्री चूल सारवण्यापर्यंत सारे तिच्याच अंगावर. तरी ती बांडगूळ!

मळ्यातल्या जुन्या आंब्यावरचे बांडगूळ दाखवताना ती सासरचा शब्द वापरी, 'बदनिके'. "पानं बघ की रे त्याची, हिरवीगार हायेत. उन्हात तेबी राबतंयच," असे म्हणे.

शाळेचे तोंड न पाहिलेल्या आत्याचे बोल वनस्पतिशास्त्राला धरून होते. बांडगूळ झाडाकडून पाणी आणि क्षार घेते, पण अन्न बरेचसे आपल्याच पानांत तयार करते. त्याच्या फुलांतला मध शिंजीर पितो. फळे खाऊन फुलटोच्या चिकट बी फांदीला पुसतो आणि तिथे नवे बांडगूळ रुजते. कोकणातला हा व्यवहार सालीम अलींनी १९३१ साली लिहून ठेवला. हिमालयातल्या कैल या पाइनवर याचेच एक चिमुकले भावंड वाढते. त्याला पक्ष्याची गरज नाही. फळ फुटते आणि बी काही मीटर दूर उडते. पाने मात्र नावापुरती, खवल्यांएवढी. ते खरे परावलंबी.

बांडगुळाने झाडाचे नुकसान होतेच. फांदीचा शेंडा वाळतो, मोहोर कमी येतो. वाटणीच्या वेळी धाकटे बंधू म्हणाले, "आंबा लाकूडवाल्याला देऊन टाकू." मी अडवले. नुसते बांडगूळ ओरबाडले तर ते पुन्हा फुटते. म्हणून फळे धरण्यापूर्वी, जोडापासून थोडे खाली, फांदीसकट छाटले. आंबा वाचला.

आणखी एक गोष्ट वाचनात आली, तेव्हा आत्या हयात नव्हती. ज्या चंदनाचे आपल्या कर्नाटकाला एवढे भूषण, तेही अर्धे परोपजीवीच! जमिनीखाली शेजारच्या झाडांची मुळे धरून ते पाणी ओढते. पण चंदनाला कोणी बांडगूळ म्हणत नाही; ते झिजते, एवढेच आपण ध्यानात ठेवतो.

आमची आत्याही झिजलीच होती.