मातीच्या माणसाचं देणं

जर्मन नट पॉल वेगनर १९४८ साली बर्लिनमध्ये वारले. माझा जन्म त्यानंतरचा. जर्मन भाषा मला येत नाही, बर्लिन मी पाहिलेलं नाही. तरीही अभिनय कुणाकडून शिकलास असं कुणी विचारलं, की शिबिरांतल्या मास्तरांच्या आधी हेच नाव माझ्या तोंडी येतं.

मी अंगापिंडानं थोराड. राज्य नाट्य स्पर्धेच्या काळात माझ्या वाट्याला दरोडेखोर, फौजदार आणि राक्षस यायचे. ‘आवाज चढव, अंगावर धावून जा’, याउपर कुणी काही सांगत नसे. पुण्यात एका फिल्म सोसायटीच्या खेळाला १९२० सालचा ‘गोलेम’ पाहिला आणि या देहाचं आणखी काय करता येतं ते उमगलं. प्रागमधल्या ज्यूंना हद्दपार करण्याचं फर्मान सुटतं, तेव्हा रब्बी लोएव मातीचा पुतळा घडवतो आणि त्याच्या छातीवरच्या चांदणीत मंतरलेला शब्द ठेवून त्यात जीव ओततो. तो पुतळा म्हणजे वेगनर. डोक्यावर मातीच्या केसांचा टोप, अंगावर बोजड पोशाख. मोकळे असतात ते फक्त डोळे. शेवटी तो वेशीबाहेर येतो. खेळणारी मुलं पळून जातात, एक चिमुरडी मात्र थांबते आणि त्याला सफरचंद देते. तो तिला उचलून घेतो, त्या दगडी चेहऱ्यावर हसू उमटतं. ती खेळता खेळता चांदणी उपटते आणि एवढा मोठा देह कोसळतो.

पुढच्याच नाटकात मला सावकाराच्या गड्याचं काम मिळालं. संवाद एकही नव्हता. मी दाराशी नुसता उभा राहिलो, मान न हलवता बोलणाऱ्याकडे फक्त डोळे वळवत गेलो. आपल्याकडे प्रेक्षक बघताहेत हे मला त्या प्रयोगात पहिल्यांदा जाणवलं.

वेगनर कायद्याचं शिक्षण सोडून रंगभूमीवर आले आणि १९०६ पासून माक्स राइनहार्ट यांच्या नाटकमंडळीत होते. इतका मुरलेला नट सिनेमाकडे वळला तो कॅमेऱ्याच्या ओढीनं, याचं मला फार अप्रूप आहे. एकच माणूस स्वतःशी पत्ते खेळतोय अशी गमतीची छायाचित्रं त्यांनी पाहिली होती. रंगमंचावर हे जमणार नाही, सिनेमात जमेल, हे त्यांनी हेरलं. त्यातून १९१३ चा ‘प्रागचा विद्यार्थी’ उभा राहिला. त्यात आरशातलं प्रतिबिंब बाहेर चालत येतं. गोलेमची दंतकथाही त्याच चित्रीकरणाच्या वेळी प्रागमध्ये त्यांच्या कानी पडली. तिच्यावरच्या १९१५ आणि १९२० च्या चित्रपटांच्या पटकथा त्यांनी हेन्रिक गालेन यांच्याबरोबर लिहिल्या. १९१५ च्या पहिल्या चित्रपटाचे आज तुकडेच उरलेत.

त्यांचं व्याख्यान ऐकून भारावलेली एक शाळकरी मुलगी होती, लोटे राइनिगर. १९१८ मध्ये हॅमेलिनच्या बासरीवाल्यावरच्या चित्रपटात वेगनर यांनी तिच्याकडून लाकडी उंदीर एकेक चौकट हलवून चालवून घेतले. पुढे सावल्यांच्या चित्रपटांची ती अधिकारी कलावंत झाली. नवख्या पोरीवर असा विश्वास टाकणारा माणूस मला भूमिकांइतकाच मोठा वाटतो.

पण ऋण मानायचं तर सगळा माणूस मानावा लागतो. नाझी राजवट आली तेव्हा अनेक सहकारी देश सोडून गेले, वेगनर राहिले. ‘कोलबर्ग’सारख्या प्रचारपटांतही त्यांनी कामं केली. ज्यूंच्या वस्तीवरचं संकट पडद्यावर दाखवणाऱ्या नटाचं हे वागणं मला आजही सलतं. कलेच्या नावाखाली ते झाकण्याची माझी तयारी नाही. युद्ध संपल्यावर ७ सप्टेंबर १९४५ रोजी बर्लिनचं डॉइचेस थिएटर लेसिंगच्या ‘नाथान’ या नाटकानं पुन्हा उघडलं. दिग्दर्शक फ्रिट्झ व्हिस्टेन स्वतः ज्यू होते, आणि शहाण्या ज्यू व्यापाऱ्याच्या मुख्य भूमिकेत होते सत्तरी ओलांडलेले वेगनर. १९४८ च्या जुलैमध्ये याच भूमिकेत ते रंगमंचावर कोसळले आणि सप्टेंबरात गेले. ही भूमिका त्यांनी प्रायश्चित्त म्हणून केली, की म्हातारपणी मोठं काम चालून आलं म्हणून, हे मला ठरवता येत नाही. पहिलं कारण खरं असावं असं मात्र फार वाटतं.