मोहीनचे घोडे

2004 च्या जानेवारीत लेहहून सुटून कोलकात्याचं पोस्टिंग हातात पडलं, तेव्हा आमच्या बॅरकमधले सगळे म्हणाले, "नशीब काढलंस लेका! पीस स्टेशन, फॅमिली क्वार्टर, वर रसगुल्ले." मी तेव्हा हवालदार होतो, सिग्नल्सचा. युनिट फोर्ट विल्यममध्ये, म्हणजे ईस्टर्न कमांडच्या हेडक्वार्टरमध्ये. त्या किल्ल्याचं नाव आता विजयदुर्ग झालंय आणि एका दरवाजाला शिवाजी गेट म्हणतात. आमच्या वेळी झालं असतं तर गावाकडे सांगताना छाती चार इंच जास्त फुगली असती.

सकाळी पीटीला किल्ल्याबाहेरच्या मैदानात जायचो. थंडीत तिथं दाट धुकं असायचं आणि त्या धुक्यात घोडे चरत असायचे. दिवसा व्हिक्टोरिया मेमोरियलसमोर घोडागाड्या चालतात, त्यांचे हे घोडे. ऑफिसात आमच्यासोबत एक सिव्हिलियन बाबू होते, निवृत्तीला दोन-अडीच वर्षं राहिलेले. सगळे त्यांना दादा म्हणायचे. मी सहज विचारलं, "दादा, सकाळी मैदानात घोडे असतात ते कोणाचे?"

दादा हसले आणि म्हणाले, "मोहीनेर घोडागुली."

मला वाटलं, मोहीन नावाचा कोणी ठेकेदार असेल. तसं म्हटल्यावर दादा चष्मा काढून डोळे पुसेपर्यंत हसले. दुसऱ्या दिवशी त्यांनी डब्यासोबत एक कॅसेट आणली. 1995 च्या पुस्तक मेळ्यात घेतलेली, 'आबार बोछोर कुडी पोरे'. म्हणाले, "बायकोला बंगाली शिकायचंय ना? हे ऐका दोघं."

'मोहीनेर घोडागुली' हा कोलकात्यातल्या सात पोरांचा बँड. 1975 सालचा. नाव जीवनानंद दास यांच्या कवितेतून उचललेलं. जीवनानंद म्हणजे बंगाल्यांना आपल्या मर्ढेकरांसारखे, रवींद्रनाथांनंतर कविता बदलून टाकणारे. बँडचा म्होरक्या गौतम चट्टोपाध्याय, जन्म 1948. गिटार वाजवायचा, सॅक्सोफोन वाजवायचा, गाणी लिहायचा, चाली लावायचा आणि गायचासुद्धा.

त्या काळी कोलकात्याची पार्क स्ट्रीट म्हणजे हिंदुस्थानातली जॅझची पेठ. ट्रिंकाज, मोकॅम्बो, ब्लू फॉक्स, मूलाँ रूज, एकेका हॉटेलात रोज रात्री बँड. वाजवणारे बरेचसे अँग्लो इंडियन आणि आपले गोव्याचे. ब्राझ गोन्साल्विस हा गोव्याचा सॅक्सोफोनवाला ब्लू फॉक्समध्ये लुई बँक्सबरोबर वाजवायचा, पॅम क्रेन गायची. उषा उथुप यांनी ट्रिंकाजमध्ये साडी नेसून इंग्रजी गाणी म्हटली तीही याच रस्त्यावर. गौतमचा कान या रस्त्यावर तयार झाला. पण पार्क स्ट्रीटवर गाणं इंग्रजीत चालायचं आणि ऐकणाऱ्याच्या खिशात पैसे लागायचे. गौतमने तो जॅझ घेतला, त्यात बाऊल फकिरांचं गाणं मिसळलं आणि शब्द रोजच्या बंगालीतले ठेवले. विषयही तसेच, शहर, बेकारी, एकटेपणा.

लोकांना ते पचलं नाही. 1977 ते 1979 मध्ये तीन छोट्या रेकॉर्ड निघाल्या, फारशा खपल्या नाहीत. 1981 च्या सुमारास बँड मोडला आणि पोरं नोकऱ्यांना लागली. गौतम सिनेमाकडे वळला. बेदिया, म्हणजे होडीतून फिरणाऱ्या गारुड्यांवरच्या त्याच्या 'नागमती' ला 1983 सालचा सर्वोत्तम बंगाली चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आणि वीस वर्षांनी, 1995 मध्ये, त्याने नव्या पोरांना गोळा करून ती कॅसेट काढली. ती मात्र घराघरांत गेली.

त्यातलं 'पृथिबीटा नाकि' आमच्या क्वार्टरमध्ये रोज लागायला लागलं. जग म्हणे लहान होत चाललंय, टीव्हीच्या खोक्यात मावतंय, पण माणसं काही जवळ येत नाहीत, असा त्याचा मतलब. एसटीडी बूथच्या रांगेत तासभर उभं राहून तीन मिनिटं बोललेल्या माणसाला हे वेगळं समजवावं लागत नाही.

इथपर्यंत सगळं छान होतं. एक दिवस चहा पिताना दादा सहज बोलून गेले, "गौतम नक्षल होता ना. जेलमध्ये होता. बंगाल सोडून जायच्या अटीवर सोडला त्याला. मग जबलपूर, भोपाळला औषध कंपनीचा एमआर म्हणून फिरत होता."

मला एकदम चटका बसला. मी महाराष्ट्रातला. आमच्याकडे नक्षल म्हटलं की गडचिरोली आणि भुसुरुंग. त्या रात्री मी कॅसेट काढून ट्रंकेत टाकली. बायकोने विचारलं, मी म्हटलं, "टेप खराब झालीय."

खरं कारण वेगळंच होतं, ते तिलाही नीट सांगितलं नाही. आमचे आबाही फौजी. 1971 च्या पावसाळ्यात, बांगलादेशच्या लढाईच्या आधी, बंगालमधल्या बीरभूम, बर्दवान, मिदनापूर भागात नक्षलांविरुद्ध मोठी मोहीम झाली, ऑपरेशन स्टीपलचेस. बाहेरचा घेरा फौजेचा, त्याच्या आत सीआरपीएफ आणि मधे पोलिस, अशी रचना. आबा त्या घेऱ्यात होते, एवढंच मला ठाऊक होतं. रविवारी शेजारच्या दुकानात फोन लावला, आबांना बोलवायला लावलं आणि प्रथमच खोदून विचारलं.

आबा बराच वेळ गप्प. मग म्हणाले, "आरं, आमी भाईरच्या रिंगणात हुतो. भाताची खाचरं, गुडघाभर पाणी. आत पोलिस जायचं. कुणाला धरलं, कुणाचं काय झालं, आमाला कदी दिसलं न्हाई. पर रातच्याला एका घरातनं बाईचं रडणं यायचं. ते अजून कानात हाय. पोरं लई लहान हुती, लेका."

फोन ठेवल्यावर बिल किती झालं ते पाहायचंही राहून गेलं.

पुढे दादांनीच एकदा सांगितलं की त्यांचा थोरला भाऊ त्या वर्षी बर्दवानकडच्या गावी मित्रांबरोबर गेला तो परत आला नाही. आई दहा वर्षं दाराला कडी लावू देत नव्हती. मी ऐकून घेतलं. आबांचं तोंडावर आलं होतं, पण गिळलं. रोज त्यांच्या डब्यातली माशाची आमटी खायची आणि एवढी गोष्ट पोटात ठेवायची, हे मला जड जात होतं.

कॅसेट ट्रंकेतून कशी बाहेर आली तेही सांगतो. दादा म्हणाले होते, गौतम गेला तो 20 जून 1999 ला, अवघ्या एक्कावन्नाव्या वर्षी. ती तारीख मी विसरूच शकत नाही. त्या पहाटे द्रासमध्ये 13 जॅक रायफल्सने पॉइंट 5140 घेतला. मी खाली लाइन पार्टीत होतो. खांद्यावर केबलचं ड्रम, वरून गोळे, लाइन तुटली की रांगत जायचं आणि जॉइंट मारायचा. पॉइंट पडल्याची बातमी आली तेव्हा आम्ही एकमेकांना मिठ्या मारल्या आणि मग कोण कोण खाली येणार नाही ते मोजत बसलो. त्याच दिवशी कोलकात्यात हा माणूस गेला. दोन्ही गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध नाही, हे कळतं मला. तरी कॅसेट काढली, पेन्सिलने रीळ घट्ट केलं आणि पुन्हा लावली. जबलपूरला माझी ट्रेनिंग झाली होती. ज्या शहराने मला सैनिक केलं, त्याच शहरात हा हद्दपार होऊन औषधाच्या बॅगा घेऊन हिंडला होता. नंतर त्याने हातात घेतली ती गिटार.

मी काही त्या वाटेची बाजू घेत नाही. 2019 च्या महाराष्ट्र दिनी जांभुळखेड्याला आपले पंधरा पोलिस आणि गाडीचा ड्रायव्हर सुरुंगात गेले, तेव्हा मला कोणतंही गाणं आठवलं नाही, फक्त त्यांची घरं आठवली. पण त्या वाटेवरून परत फिरलेला माणूस वीस-पंचवीस वर्षं काय करत राहिला, हेही बघावं लागतं.

2006 मध्ये 'गँगस्टर' सिनेमा आला आणि 'भीगी भीगी' सगळ्या हिंदुस्थानात वाजायला लागलं. चाल तीच, 'पृथिबीटा नाकि' ची. लंगरमध्ये पंजाबी, मद्रासी सगळे गुणगुणायचे. मी एकटाच सांगत फिरायचो, हे मूळचं कुणाचं. कोणी ऐकत नव्हतं.

त्याच साली माझी बदली झाली. निघायच्या आदल्या दिवशी दादांबरोबर मैदानात चक्कर मारली. घोडे होतेच. कॅसेट परत द्यायला काढली आणि तेव्हा आबांचं सगळं सांगून टाकलं. घेरा, भातखाचर, ते रडणं.

दादा बराच वेळ घोड्यांकडे बघत राहिले. मग म्हणाले, "बाहेर उभे होते, हे बरं झालं, हवालदारजी. आत असते तर तुम्ही मला सांगितलं नसतं." थोडं थांबून म्हणाले, "कॅसेट ठेवा. आणि वडिलांना माझा नमस्कार सांगा."

मी सांगितला. आबांनी टोपी काढली, मांडीवर ठेवली आणि विचारलं, "त्येची आई हाय का अजून?" मी म्हटलं, नाही.

कॅसेट वाजवायला आता घरात टेप नाही. कपाटात कुकरीशेजारी ठेवलीय. पोरं मोबाइलवर ते गाणं लावून देतात, मी ऐकतो.

जय हिंद.