कुंडीतले जपानी फळ

आषाढात मी घरी असतो, हे अजून अंगवळणी पडलेले नाही, माउली. गुडघ्यांनी वारी सोडवली. नातवाने कुलूहून आणलेले जपानी फळाचे कलम लोणावळ्यात आमच्या गच्चीवर कुंडीत आहे. आपल्या टेंभुर्णीच्याच कुळातले. आधीचे कलम मी वारीत असताना गेले. कुंडीचे भोक बुजले, पाणी तुंबले, मुळे कुजली. आता कुंडी विटांवर ठेवली आहे आणि रोज काडीने भोक मोकळे करतो. मार्गशीर्षात पाने झडली, तेव्हा मेलेच म्हणालो. नखाने साल खरवडली, तर आत हिरवे! यंदा एकच फळ धरले आहे. कच्चे असता फार तुरट, मऊ झाल्यावरच गोड. कार्तिकीच्या सुमारास पिकेल. माझ्या जागी आता जो विणेकरी उभा राहतो, त्याला द्यावे म्हणतो.