चार मुलं, एक टेबल आणि पुस्तकांचे ढीग

मैत्रिणींनो, मुलांना शाळेत न घालता घरीच शिकवायचं, ही कल्पना तुमच्यापैकी पुष्कळजणींना विचित्र वाटेल. लग्नाआधी नगरला असताना मला कुणी असं सांगितलं असतं, तर मीही हसले असते. शाळा म्हणजे सकाळची डब्याची घाई, आणि मग दुपारपर्यंत घरात थोडी शांतता! पण अमेरिकेत ही गोष्ट आता नवलाची राहिलेली नाही. १९९३ सालापासून तिथल्या सगळ्या राज्यांत घरच्या शिक्षणाला कायद्याने वाव आहे. नियम मात्र राज्याराज्यांत निराळे. आम्ही पेनसिल्व्हेनियात होतो तेव्हा दरवर्षी प्रतिज्ञापत्र द्यायचं, मुलांच्या कामाची फाइल ठेवायची, वर्ष संपलं की जाणकाराकडून ती तपासून घ्यायची, शिवाय तिसरी, पाचवी आणि आठवीला परीक्षा. यांची बदली टेक्सासला झाली, तर इथे सरकारी कचेरीत नुसतं कळवायचीही गरज नाही!

आमच्या घरी चार मुलं. रूथ बारा वर्षांची, शमुवेल नऊचा, आशा सातची आणि योहान चारचा. यांच्या नोकरीपायी आठ वर्षांत तीन गावं झाली, म्हणून शिकवणं घरीच आलं. आम्ही ख्रिस्ती, तेव्हा बायबलही शिकवण्यात असावं असं दोघांनाही वाटत होतं. आता तुम्ही म्हणाल, मग अडचण काय? पुस्तकं आणायची आणि शिकवायचं. अहो, अडचण तिथेच तर सुरू होते. ख्रिस्ती कुटुंबांसाठी तयार केलेले अभ्यासक्रम इथे इतके आहेत, की लग्नाच्या शालू खरेदीत पडतो तसा गोंधळ पडतो. सगळे चांगले, सगळे महाग, आणि दुकानदार म्हणतो हाच घ्या.

आमच्या चर्चच्या बायकांत पुस्तकांची देवघेव चालते. त्यामुळे मी एकेक संच उसना आणून महिना महिना चालवून पाहिला. त्यातून मला काय दिसलं ते सांगते.

फ्लॉरिडातल्या पेन्साकोला गावचा अबेका हा १९७२ पासूनचा जुना संच. आपल्या शाळेसारखाच, इयत्तावार. प्रत्येक विषयाचं पुस्तक वेगळं, स्वाध्यायपुस्तिका वेगळी, रोज काय शिकवायचं ते ठरलेलं. एक मूल असेल तर छान. इंग्रजी वाचनाची सुरुवात तर मला फार आवडली. आधी स्वरांचे उच्चार, मग व्यंजनाला एकेक स्वर जोडून म्हणायचं. म्हणजे आपली बाराखडीच की! पण तीन मुलं तीन इयत्तांत असली, की तीन इतिहास, तीन विज्ञानं, तीन भाषा. एकीला इजिप्त, दुसऱ्याला अमेरिकेची राज्यक्रांती, तिसरीला गावातला पोस्टमन. सकाळी नऊला बसलं तर पोळ्यांची कणीक दुपारी तीनलाही भिजत नाही. शिवाय स्वाध्यायपुस्तिका लिहून भरली की संपली. धाकट्यासाठी पुन्हा नवी घ्या.

फोनवर सासूबाईंना हे रडगाणं सांगितलं, तर त्या हसल्या. सासूबाई जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका होत्या. पहिली ते चौथी, एक खोली आणि बाई एकट्या. "अगं, चारही वर्गांना वेगवेगळी गोष्ट सांगत बसले असते तर माझा घसा राहिला असता का? गोष्ट एकच सांगायची. पहिलीने चित्र काढायचं, दुसरीने चार ओळी लिहायच्या, चौथीने प्रश्नांची उत्तरं. गणित मात्र ज्याचं त्याचं." खरं सांगते, अमेरिकेतली मोठमोठी पुस्तकं ज्यावर उभी आहेत, ते त्यांनी दोन मिनिटांत सांगितलं.

कारण सगळ्या मुलांना एकत्र शिकवण्याचे जे संच आहेत त्यांचं सूत्र हेच. इतिहास, भूगोल, बायबल, विज्ञान, चित्रकला सर्वांना मिळून; गणित आणि भाषा ज्याच्या त्याच्या पायरीने. फरक पडतो तो पुढे.

'टॅपेस्ट्री ऑफ ग्रेस'मध्ये जगाचा इतिहास चार वर्षांत फिरतो आणि मग पुन्हा पहिल्यापासून. एका आठवड्याचा विषय घरातल्या सगळ्यांना एकच, पण वाचन चार पायऱ्यांचं, अगदी लहानापासून कॉलेजला जाणाऱ्यापर्यंत. रूथसारख्या मुलीला खाद्य भरपूर. पण आईचं वाचन! रविवारी रात्री मी स्वतःच परीक्षेला बसल्यासारखी वाचत होते. ज्यांना इतिहासाचं वेड आहे त्यांनी जरूर घ्यावा. 'कोनोस' अगदी उलट. तो अवधान, आज्ञापालन अशा गुणांवर बांधलेला. अवधान शिकायचं तर कान कसा ऐकतो, आवाज कसा निघतो हे करून पाहायचं. मुलं खूष, पण घर म्हणजे सर्कस. पुठ्ठे, डिंक, दोरे... माझ्या बैठकीच्या खोलीची दशा सांगण्यासारखी नव्हती.

'सोनलाइट' १९९० साली निघाला, तो परदेशी राहणाऱ्या मिशनरी कुटुंबांना डोळ्यांपुढे ठेवून. त्यात पाठ्यपुस्तकं कमी, गोष्टीची पुस्तकं ढीगभर. आईने सोफ्यावर बसायचं, मुलांनी भोवती, आणि वाचायचं. कुठल्या दिवशी कुठली पानं हेही छापून दिलेलं. फक्त एका गटात मुलांच्या वयांत दोन-तीन वर्षांचंच अंतर असावं लागतं. माझ्याकडे बारा आणि सात! 'माय फादर्स वर्ल्ड'मध्ये मात्र साधारण दुसरीपासून आठवीपर्यंतची मुलं एका फेरीत बसतात. पहिलं वर्ष देशोदेशींचं, मग चार वर्षं इतिहासाची. धडे छोटे, त्यामुळे दुपार मोकळी मिळते.

या दोन्हींवर शार्लट मेसन या इंग्रज बाईंची छाप आहे. त्या १८४२ साली जन्मल्या आणि १९२३ मध्ये गेल्या. त्यांचं म्हणणं असं, की धडा छोटा असावा, पुस्तक जिवंत असावं, आणि वाचून झालं की मुलाने ते आपल्या शब्दांत सांगावं. एकदाच वाचायचं, दोनदा नाही, म्हणजे मूल लक्ष देऊन ऐकतं.

या "सांगण्या"नेच आमचा निर्णय केला. शमुवेलला नऊ वर्षांचा झाला तरी धड वाचता येत नाही. डोळे तपासले, ते ठीक. मग तज्ज्ञांकडे नेलं, तेव्हा डिस्लेक्सिया निघाला. इयत्तावार संच चालवला त्या महिन्यात तो रोज आशाच्या शेजारी बसे. ती सात वर्षांची, सर्रकन वाचून पान उलटी, आणि हा बोट ठेवून पहिल्याच ओळीत. एकदा त्याने पुस्तक गादीखाली लपवलं आणि म्हणाला, "आई, मला योहानबरोबर बसव." चार वर्षांच्या भावाबरोबर! त्या रात्री मला जेवण गेलं नाही. पुढच्या महिन्यात मी मोठ्याने वाचायला लागले आणि मुलांना सांगायला लावलं. रूथ मुद्दे सांगे. आशा निम्मं विसरे. शमुवेलने रोमन सेनापतीची लढाई टेबलावरचे चमचे मांडून अशी सांगितली, की हे ऑफिसचा फोन ठेवून बघत राहिले. वाचनाचा धडा तो अजूनही घेतो, वेगळा, रोज वीस मिनिटं, उच्चारांपासून पायरी पायरीने, दार लावून. पण इतिहासात तो आता कुणाच्या मागे नाही.

एक गोष्ट मात्र या पुस्तकांबरोबर आईला डोळ्यात तेल घालून पाहावी लागते. यांत मिशनऱ्यांची चरित्रं पुष्कळ, आणि त्यांत आपला देश वारंवार येतो. कसा येतो? एका जुन्या चरित्रात हिंदुस्थान म्हणजे नुसता काळोख, आणि उजेड तेवढा बोटीतून उतरलेला. आशाने वाचता वाचता विचारलं, "मग जोशीआजी वाईट आहेत का?" जोशीआजी म्हणजे सासूबाईंच्या शेजारणी. नाताळला आमच्या करंज्या तिकडे जातात, दिवाळीला तिकडचा चिवडा इकडे, चाळीस वर्षं. मी पुस्तक मिटलं आणि तो आठवडाभर आमच्याच माणसांची गोष्ट सांगितली. पंडिता रमाबाई, ज्यांनी केडगावला मुक्ती मिशन उभारलं आणि मूळ हिब्रू-ग्रीकवरून बायबल मराठीत आणलं. नारायण वामन टिळक, ज्यांचं अपुरं 'ख्रिस्तायन' त्यांच्यामागे लक्ष्मीबाईंनी पुरं केलं. रूथने विचारलं, हे आपल्या पुस्तकात का नाही? मी म्हटलं, त्यांना ठाऊक नसेल, तू लिही. तिने वहीत लिहिलं आणि ती पानं आता संचाच्या मार्गदर्शिकेतच डकवली आहेत.

विज्ञानाचंही तसंच. यांतल्या अनेक संचांत पृथ्वीचं वय काही हजार वर्षंच शिकवतात. आमच्या घराला ते पटत नाही. श्रद्धा असली म्हणून खडकांचा अभ्यास सोडायचा असं आमच्या सासऱ्यांनीही कधी शिकवलं नव्हतं. म्हणून विज्ञान आम्ही बाहेरच्या पुस्तकांतून करतो. संच विकत घेतला म्हणजे त्यातलं सगळं शिजवलंच पाहिजे असं थोडंच आहे?

तर आमचं यंदाचं असं ठरलं आहे. 'माय फादर्स वर्ल्ड' सर्वांना मिळून. रूथला त्याच काळातली 'टॅपेस्ट्री'ची वरच्या पायरीची पुस्तकं आणि बीजगणित वेगळं, कारण दोन वर्षांत तिची हायस्कुलाची गुणपत्रकं मलाच करायची आहेत, आणि कॉलेजवाले ती मागणार. नवं फक्त गणित घेतलं. बाकी सगळं जुन्या पुस्तकांच्या विक्रीतून. शनिवारी सकाळी सासूबाई व्हिडिओवर मराठी घेतात. चौघांनाही एकच गोष्ट. परवा योहानने बैलाचं चित्र काढलं, आशाने चार ओळी लिहिल्या, आणि शमुवेलला आजीने विचारलं, "बरं, आता तू सांग, मग काय झालं?"