दावा मागे घेताना

पेडणे आणि डिचोली या तालुक्यांत जमिनीचा तंटा ठाऊक नसलेले घर विरळाच. म्हणून माझ्या मावसभावाच्या घरी घडलेली हकिगत, वाचकहो, आपणांस परकी वाटणार नाही.

डोंगरउतारावरील त्यांच्या काजूच्या बागायतीचा एक तुकडा भूमापनाच्या एक-चौदाच्या उताऱ्यात शेजाऱ्याच्या नावे लागला होता. भावाने दिवाणी दावा लावला व सरकारलाही प्रतिवादी केले. दीड वर्ष तारखा झाल्यावर नव्या वकिलांनी कागद चाळले, तेव्हा उणीव दिसली. सरकारवर दावा लावण्यापूर्वी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० प्रमाणे दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. ती दिलीच नव्हती. एखादे नाव राहिले असते, तर चालू दाव्यातही ते घालता आले असते. नोटिशीचे तसे नव्हे.

दावा मागे घेणे भाग होते. भाऊ तर इतका थकला होता, की "दावा काढून घेत आहे" एवढ्या एका ओळीच्या पुरशिशीवर तो त्याच दिवशी सही करावयास निघाला. परंतु गोव्याच्या कायद्याप्रमाणे, विवाहापूर्वी वेगळा करार नसल्यास, पतिपत्नींची मालमत्ता सामाईक असते. वहिनीही वादी होत्या व त्यांची सही हवी होती. त्यांनी लेखणी उचलली नाही. "उद्या परत यायचे झाले, तर दार उघडे राहील ना?" एवढेच त्यांनी विचारले. सात इयत्ता शिकलेल्या या बाईने कायद्याचे मर्म नेमके हेरले, असे मला वाटते.

गोव्यात १९६६ च्या जूनपर्यंत पोर्तुगीज प्रक्रिया संहिता चालत असे. त्यानंतर भारतीय संहिता लागू झाली. तिच्या २३ व्या आदेशाचा पहिला नियम असे सांगतो, की दाव्यात तांत्रिक दोष असेल किंवा तसेच पुरेसे कारण असेल, तर न्यायालय नवा दावा लावण्याची मुभा ठेवून जुना मागे घेऊ देते. ती परवानगी न मिळवता दावा मागे घेतला, तर त्याच कारणावर पुन्हा दावा लावता येत नाही. उच्च न्यायालयातील रिट अर्जांनाही हेच तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने १९८६ साली सरगुजा ट्रान्सपोर्टच्या प्रकरणात लावले. तेव्हा पर्वरीस जाणाऱ्यानेही हे ध्यानी ठेवावे.

वकिलांनी पुरशीस बाजूला सारून रीतसर अर्ज लिहिला. दोष कोणता ते सांगितले आणि मुभा मागितली. प्रतिपक्षाने हरकत घेतली. न्यायाधीशांनी मुभा दिली, मात्र प्रतिपक्षाचा खर्च भरावयास लावले. भावाला ते कडू वाटले. मला तो खर्च रास्त वाटतो. समोरच्याचेही दीड वर्ष गेलेच होते.

आणखी एक धोका होता. मुभा मिळाली म्हणून मुदत वाढत नाही. पहिला दावा लावलाच नव्हता असे समजून काळ मोजतात. हक्क ठरवून मागण्याच्या दाव्यास तीन वर्षे असतात, आणि त्यांतले थोडेच महिने उरले होते. नोटिशीचे दोन महिने तेवढे त्यातून वगळले जातात. वकिलांनी भिंतीवरील दिनदर्शिकेवर शेवटच्या दिवसाभोवती तांबडे वर्तुळ काढून दिले.

नोटीस दुसऱ्याच आठवड्यात रवाना झाली. मुदतीच्या तीन आठवडे आधी नवा दावा दाखल झाला; आदेशाची प्रमाणित प्रत वहिनींनी स्वतः त्याला जोडली. पहिली तारीख काजूच्या हंगामानंतरची पडली आहे.