माळाची झाडलोट

लहानपणी झोपायला कुरकुर केली की आजी म्हणायची, "गप पड, नाहीतर तरस येईल." ते मढी उकरतं, लेकरं पळवतं, हे ऐकतच मी मोठा झालो. त्यामुळे जेजुरीजवळच्या माळावर मेंढरं राखणाऱ्या मामांनी "मास्तर, तरसाची पिलं बघायची का?" असं विचारलं, तेव्हा हो म्हणताना पोटात गोळा आला होता.

फेब्रुवारीची अखेर होती. ओढ्याच्या घळीसमोर, हिवराच्या आडोशाला आम्ही दुपारपासून बसलो. "हलू नगा. वारं आपल्याकडं येतंय, तिला वास लागायचा न्हाय," मामा कुजबुजले. बिळाच्या तोंडाशी हाडं विखुरली होती आणि खडूसारखी पांढरी विष्ठा वाळली होती. हाडंच पचवल्यावर त्यातला चुना असा बाहेर पडतो.

दिवस मावळता मावळता ती आली. पुढचे पाय उंच, मागचे आखूड, त्यामुळे पाठ उतरती. अंगावर काळे पट्टे. तोंडात शेळीची तंगडी. मध्येच कशाची तरी चाहूल लागली आणि तिच्या मानेपासून शेपटीपर्यंतची आयाळ ताठ उभी राहिली. क्षणात ती दुप्पट मोठी भासली. लढण्यापेक्षा मोठं दिसून समोरच्याला दूर ठेवायचं, ही तिची युक्ती. मग केस बसले. तिने हळू आवाज दिला तशी दोन पिलं धडपडत बाहेर आली आणि ती सरळ आडवी झाली, त्यांना पाजायला. माझ्या मनातली भीती तिथेच विरघळली. अंगणात बाज टाकून बसलेली कुठलीही बाळंतीण अशीच तर दिसते.

घरी येऊन मी झपाटल्यासारखं वाचलं. कुत्र्यासारखं दिसणारं हे जनावर कुळाने मांजर आणि मुंगूस यांच्या जवळचं. जगात तरसांच्या चारच जाती, त्यातली एक तर वाळवीवर जगते. 'हसणारं तरस' म्हणतात ते आफ्रिकेतलं ठिपक्यांचं. आपलं पट्टेरी तरस बहुतेक मुकाट. त्या ठिपकेवाल्यांच्या कळपात माद्यांचं राज्य असतं. पिलाला आईच्या खालोखाल मान मिळतो, तोही ताकदीवर नव्हे, आईमुळे. आई वर्षभराहून अधिक काळ दूध पाजते. आपलं लेकरूही घराण्याची पत घेऊनच जन्मतं. मुडदेखाऊ म्हणून हिणवलेलं हे ठिपक्यांचं तरस बरीचशी शिकार स्वतः करतं, हे हान्स क्रूक यांनी 1960 च्या दशकात सेरेंगेटी आणि गोरोंगोरोत रात्री जागून दाखवून दिलं. आणि दुसऱ्याने टाकलेली हाडं फोडून मगज खाणं हे काही फक्त तरसाचं काम नाही. दगडाने हाडं फोडणारे आपले आदिम पूर्वजही त्याच पंगतीतले होते. मग घाण कुणी म्हणायचं कुणाला?

त्याच वर्षीच्या पावसाळ्यात गावाबाहेर एक मेलेली गाय टाकली होती. लांडगा मरावा म्हणून कुणीतरी तिच्यावर कीटकनाशक ओतलं होतं. मामांच्या मेंढ्या लांडग्याने अनेकदा नेल्या आहेत, तरी तेच माझ्या दारात पहार घेऊन उभे राहिले. "ती रातच्याला येनार, मास्तर. चला."

आम्ही दोघांनी खड्डा खणला. वरची बोटभर माती ओली, खाली मुरूम दगडासारखा. हाताला फोड आले, नाकाला फडकं बांधूनही वास थांबेना. उन्हं कलली तेव्हा कुठे गाय झाकली गेली.

खोऱ्यावर टेकून मामा घळीकडे बघत राहिले. म्हणाले, "दोन गडी, पुरा दिस. आन् ही माउली एकल्या रातीत करती, कुनाला दिसत बी न्हाय."