रामलिंगाचें रान

धाराशिवाहून येडशीस जातांना दुतर्फा सोयाबीन, तूर आणि उघडा माळ एवढेंच दिसतें; जवळपास अरण्य असेल अशी शंकाही येत नाहीं. पण येडशीच्या पुढें बालाघाटाची कड लागते, जमीन एकाएकीं खालीं घसरते, आणि गर्द झाडींत दडलेलें श्रीरामलिंगाचें देवालय दृष्टीस पडतें. पावसाळ्यांत ओढ्याचें पाणी त्यास वळसा घालून वाहतें. रावणाशीं झुंजून घायाळ झालेल्या जटायूस श्रीरामांनीं येथेंच पाणी पाजलें, असें लोक सांगतात. (नाशिककडील टाकेदचे लोकही हाच मान आपल्या गांवास देतात, आम्ही त्या वादांत पडत नाहीं.)

लहानपणीं वडिलांबरोबर आम्ही बार्शी लाइट रेल्वेच्या अडीच फुटी रुळांवरून रखडत येथें आलों होतों, आणि वानरांस ओंजळीनें फुटाणे टाकले होते. गेल्या भाद्रपदांत नातवास घेऊन पुन्हां गेलों. मधल्या काळांत, 1997 सालीं, हें रान अभयारण्य झालें आहे. क्षेत्र अवघें 22 चौरस किलोमीटर.

एवढ्याशा रानांत डिसेंबर 2024 मध्यें वाघ आला! तो यवतमाळ जिल्ह्यांतील टिपेश्वरच्या अभयारण्यांतून शेंकडों किलोमीटर चालून आला होता. अंगावरील पट्ट्यांवरून त्याची ओळख पटली. त्यास धरून सह्याद्रि व्याघ्रप्रकल्पांत न्यावें असें ठरलें, ताडोब्याहून पथकही आलें. पण आठवडेच्या आठवडे तो हातीं लागला नाहीं. आज येडशीच्या रानांत, तर उद्यां सोलापूर जिल्ह्यांतील बार्शीच्या शिवारांत.

मॅकआर्थर व विल्सन या दोन विद्वानांनीं 1967 सालीं बेटांवरील जीवसृष्टीविषयीं ग्रंथ लिहिला. बेट जितकें लहान आणि जितकें एकाकी, तितक्या तेथें जीवजाती कमी टिकतात, हें त्याचें सार. भोंवतालचीं शेतें हा समुद्र मानला, तर रामलिंगाचें रान हेंही बेटच. खऱ्या बेटांवरील लोकांस ही अडचण आधीं कळली. पॅसिफिक महासागरांतील द्वीपराष्ट्रांनीं 1993 सालीं सामोआंतील आपिया येथें करार करून निसर्गरक्षणाची सामाईक संस्था स्थिर केली. एकेका बेटास जें झेपत नाहीं तें मिळून करावें, हा हेतु. तेथें मध्यें हजारों मैलांचें पाणी आहे. येथें मध्यें काय आहे, तें आम्हांस पायऱ्यांवर बसल्या बसल्या कळलें.

वाघानें वनाचें आणि वनानें वाघाचें रक्षण करावें, असा विचार महाभारताच्या उद्योगपर्वांत आहे. शाळेंत तीस वर्षें आम्हीं तो मोठ्या रसानें शिकविला. तोच नातवास समजावून देत असतां शेजारीं टेकलेला एक वृद्ध शेतकरी म्हणाला, "गुरुजी, आन् गायीचं रक्षण कुनी करायचं?" त्याची गाभण कालवड वाघानें नेली होती. त्याचें शेत बरोबर दोन जिल्ह्यांच्या शिवेवर. पंचनामा कोणीं करावा, यासाठीं तो एका कचेरींतून दुसऱ्या कचेरींत हेलपाटे घालीत राहिला. "वाघाला कुठं ठावं, बार्शी कुठं लागती? पर कालवड कुन्या अंगाला मेली, ते मला सांगावं लागतं."

आम्हांस उत्तर सुचलें नाहीं. इतक्या वर्षांत एकाही विद्यार्थ्यानें हा प्रश्न विचारला नाहीं, याचें नवल वाटलें; आणि आपणांसही तो कधीं पडला नाहीं, याची थोडी लाज वाटली. वाघावर त्याचा राग होता काय, असें विचारलें. तो म्हणाला, "त्याच्यावर राग धरून काय करू? त्यो बी वाट चुकलेला." मग, एवढ्या लांबून माणसें बोलावून वाघ शोधतां येतो, तर दोन तालुक्यांच्या साहेबांना एका झाडाखालीं बसायला काय होतें, एवढेंच त्यानें विचारलें.

दिवस कलूं लागला तसा तो उठला; अंधारापूर्वीं गुरें गोठ्यांत न्यावयाचीं होतीं. नातवाच्या हातांत फुटाण्यांची पुडी पाहून दोनतीन वानरें जवळ सरकलीं होतीं. "टाकूं का, आजोबा?" त्यानें विचारलें. आम्हीं नको म्हटलें, आणि पुडी खिशांत ठेवावयास सांगितलें.